बासन क्रमांक ४१७

ग्रंथालयाचं पाकीट आलं तेव्हा मी मेथी निवडत होते. पाकिटात तळहाताएवढ्या दोन पांढऱ्या पट्ट्या होत्या आणि सोबत संचालक महाजनींच्या सहीचं पत्र होतं. ‘आदरणीय टिपणीस मॅडम, ग्रंथालयाच्या शतकोत्तर सुवर्णमहोत्सवानिमित्त’ अशी सुरुवात असली की पुढे काहीतरी काम सांगितलेलं असतं, हे चौतीस वर्षांच्या नोकरीत मला पाठ झालं होतं. या वेळचं काम अगदी सोपं होतं. हात साध्या पाण्याने धुवायचे, वाळवायचे, दोन्ही तळवे एकेक मिनिट पट्ट्यांवर दाबून धरायचे आणि पट्ट्या परत पाठवायच्या. हे आजी-माजी सर्व कर्मचाऱ्यांनी करायचं होतं.

पट्ट्या फ्रिजवर ठेवून मी पुन्हा निवडायला बसले. थोड्या वेळाने पाहिलं तर पानं कचऱ्यात गेली होती आणि देठं पातेल्यात.

मी कशाला घाबरले ते सांगायचं तर आधी त्या यंत्राबद्दल सांगायला हवं.

माणूस कशालाही हात लावतो तेव्हा त्याच्या कातडीचे अगदी बारीक कण तिथे राहतात. त्या कणांत केराटिन नावाचं प्रथिन असतं. केस आणि नखं त्याचीच बनलेली असतात. प्रत्येकाच्या केराटिनमध्ये जन्मजात काही किरकोळ फरक असतात. एका फरकावरून काही कळत नाही, पण साठ-सत्तर फरक एकत्र पाहिले की माणूस ओळखता येतो. इथपर्यंतचं शास्त्र जुनंच आहे. आमच्या विद्यापीठातल्या अन्विता कोष्टी या तिशीतल्या मुलीने त्याला घड्याळ जोडलं. प्रथिनातले काही दुवे वर्षानुवर्षं, ठरावीक गतीने, अमोनिया गमावत जातात. किती दुवे बदलले ते मोजायचं, कागद कुठला, हवा किती दमट याची वजावट करायची, की तो हात त्या पानाला कधी लागला ते समजतं.

यंत्राचं नाव स्पर्शवाचक. लेसरचा मंद किरण पानावरून फिरतो, कणांतला नजरेलाही न दिसणारा अंश उडवतो आणि त्याचं वजन करतो. पानाला इजा होत नाही. दोन हजार सदतीसपासून हे यंत्र आमच्या ग्रंथालयाच्या तळमजल्यावर चालू होतं. आता एकोणचाळीस साली, ग्रंथालयाला दीडशे वर्षं होताना, कुठला ग्रंथ कुणी आणि कधी हाताळला याचा इतिहास छापायचं ठरलं होतं.

त्यातून गमती बाहेर येऊ लागल्या होत्या. करवंडे संस्थानचे दिवाण रावबहादूर मिराशी यांनी १८८९ साली बैलगाड्या भरभरून चार हजार ग्रंथ दिले आणि त्यावर हे ग्रंथालय उभं राहिलं. त्यांचा पुतळा दारात आहे, हातात उघडं पुस्तक घेतलेला. यंत्राने सांगितलं की त्या चार हजारांपैकी रावबहादुरांचा हात फक्त साठ पुस्तकांना लागला होता आणि त्यातही पहिल्या पाच-सात पानांनाच. बाकीची पुस्तकं शेवटच्या पानापर्यंत वाचली होती एका बाईने. तिच्या स्पर्शाबरोबर तांदळाच्या पिठाचे कण होते. पुढे घरातल्या जुन्या कपड्यांवरून ओळख पटली, ती त्यांची बालविधवा सून होती. अन्विताने हे वर्तमानपत्रात लिहिलं तेव्हा सगळ्या गावाने तिचं कौतुक केलं. मीही फोन करून शाबासकी दिली. फोन ठेवल्यावर मात्र मला जेवण गेलं नाही.

मला त्या तळमजल्याच्या वर, दुसऱ्या मजल्यावर, हस्तलिखितांच्या दालनात असलेलं चारशे सतरा नंबरचं बासन दिसत होतं.

आमच्याकडे दर जानेवारीत पोथ्यांना ऊन दाखवायचा रिवाज होता. मागच्या अंगणात सतरंज्या घालायच्या आणि पंधरा दिवसांत सहा हजार दोनशे बासनं सोडायची. बासन म्हणजे पोथी गुंडाळून ठेवायचं तांबडं कापड. पोथीला कोवळं ऊन द्यायचं, मऊ ब्रशने पानं झाडायची, कडुनिंबाचा वाळलेला पाला आणि वेखंडाचे तुकडे घालून पुन्हा गाठ मारायची. ही गाठ घट्टही नको आणि सैलही नको. मी चोवीस वर्षांची असताना नोकरीला लागले, तेव्हा ती गाठ मला दत्तोबा जिनगरांनी शिकवली. दत्तोबा ग्रंथालयाचे बाइंडर. जिनगरांच्या घरात पुस्तकबांधणी पिढीजात. त्यांची खळ, म्हणजे कागद चिकटवायचा पिठाचा शिजवलेला चीक, इतकी एकजीव असायची की पन्नास वर्षांनीही कड सुटू नये.

नव्याण्णवच्या जानेवारीत दत्तोबांनी ‘कूपवर्णन’ ही पोथी दुरुस्त करून आणली. अठराव्या शतकातली, संस्थानातल्या तीनशे विहिरींची चित्रांसह माहिती असलेली ही पोथी. जगात हिची दुसरी प्रत नाही. मी सतरंजीवर बसले होते. मांडीवर चारशे सतरा नंबरचं बासन उघडं होतं, त्यात कुठल्याशा व्रतकथा होत्या. दत्तोबा म्हणाले, “बाई, ही घ्या कूपवर्णन. फळ्या नव्या घातल्यात. सही करताय न्हवं?”

“ठेवा इथे. मग करते,” मी म्हणाले.

त्याच वेळी कुणीतरी चहा आला म्हणून हाक मारली. मी हाताला येईल ते गोळा करून गाठ मारली आणि उठले. सही राहिली. एका बासनात दोन पोथ्या गेल्या. पुस्तक चुकीच्या जागी ठेवणं म्हणजे ते हरवणं, हे ग्रंथालयशास्त्राच्या पहिल्या वर्षी शिकवतात, आणि बासनात गेलेली पोथी तर बाहेरून दिसतही नाही.

मार्चच्या मोजणीत पोथी सापडली नाही. नोंदवहीत ती दत्तोबांच्या नावावर होती. चौकशी बसली. दत्तोबा म्हणाले, “मी बाईंच्या हातात दिली.” मला विचारलं, दिली का? मी म्हणाले, “आठवत नाही.”

खरोखर आठवत नव्हतं. एवढी एकच गोष्ट माझ्या बाजूची आहे, म्हणून ती लिहून ठेवते.

दत्तोबांनी विनवण्या केल्या की सगळी बासनं सोडून बघा. परीक्षा तोंडावर आल्यात, एवढा वेळ कुणाला, असं तेव्हाचे ग्रंथपाल म्हणाले. ऑगस्टमध्ये दत्तोबांना काढलं. पोलिसांत दिलं नाही, तो म्हणे मोठेपणा. ऑक्टोबरमध्ये मी नोकरीत कायम झाले आणि पेढे वाटले.

दोन हजारच्या जानेवारीत मी चारशे सतराची गाठ सोडली आणि आत दोन पोथ्या निघाल्या. एकीची वरची फळी नवी, पिवळसर सागवानाची, दत्तोबांच्या हातची होती. मला सगळं आठवलं. चहाची हाक, ‘मग करते’, सगळं. ग्रंथपालांची खोली अंगणापासून चाळीस पावलांवर होती. मी उठले नाही. आजूबाजूला कुणी बघतंय का ते पाहिलं, पोथी एका जुन्या धोतराच्या तुकड्यात गुंडाळली, व्रतकथांच्या खाली ठेवली आणि गाठ मारली. दत्तोबांनी शिकवलेलीच गाठ.

उद्या सांगू, असं ठरवलं होतं. उद्या उद्या करत पुढची अठ्ठावीस वर्षं काढली. दर जानेवारीत ते बासन मी स्वतः घ्यायची, दुसऱ्या कुणाला हात लावू द्यायची नाही. आतल्या धोतराच्या घडीला मात्र मी पुन्हा स्पर्श केला नाही. मला तिच्याकडे बघवत नसे. वरून वेखंड टाकायची आणि बांधून टाकायची. नवीन मुली म्हणायच्या, टिपणीस मॅडमचा त्या बासनावर फार जीव. मी ऐकून घ्यायची. मी निवृत्त झाल्यावर पोथ्यांना ऊन दाखवायचा रिवाजच बंद पडला.

दोन हजार चौदा साली ग्रंथालयाला सव्वाशे वर्षं झाली तेव्हा त्याचा इतिहास मी लिहिला. दोनशे चौदाव्या पानावर कूपवर्णनाची हकिगत आली. ती गाळता आली असती. पण गाळली तर कुणी विचारील, या धास्तीने मी लिहिलं, ‘बांधणी विभागातील एका कर्मचाऱ्याच्या अप्रामाणिकपणामुळे ही पोथी ग्रंथालयाने कायमची गमावली.’ वाक्य लिहून झाल्यावर ते दोनदा वाचलं आणि ‘कायमची’ हा शब्द तसाच ठेवला. पुस्तकाच्या पाचशे प्रती छापल्या आणि मला शाल मिळाली.

तर आता या पट्ट्या फ्रिजवर आठ दिवस पडून होत्या. नवव्या दिवशी सुनंदाबाई स्वयंपाकाला आल्या. कणीक मळायच्या आधी त्यांनी हात धुतले, वाळवले. मी पट्ट्या पुढे केल्या आणि म्हणाले, “जरा यावर हात दाबता का? लायब्ररीचं काहीतरी आहे.”

“माझा हात? लायब्रीला कशाला, ताई?”

“सगळ्यांचेच घेतायत.”

माझं खोटं इतकं सहज बाहेर आलं, की जणू सरावाचंच होतं. सुनंदाबाईंनी डोळे मिटून, देवाला हात लावावा तसे दोन्ही तळवे दाबले. मी पट्ट्यांवर माझं नाव लिहिलं आणि पोस्टात टाकल्या.

पण चोराच्या मनात चांदणं असलं तरी अक्कल असतेच असं नाही. माझा स्पर्श त्या एका पोथीवर सापडू नये एवढाच विचार मी केला होता. बाकीच्या सगळ्या पुस्तकांचं काय, हे ग्रंथपाल असून माझ्या डोक्यात आलंच नाही.

दीड महिन्याने अन्विता घरी आली. हुशार मुलगी, हातात कागदांची चळत, चेहऱ्यावर संकोच. चहा घेतला, आणि म्हणाली, “मॅडम, नमुन्यात काहीतरी गडबड झालीय. आमच्याकडूनच झाली असेल.” तिने एक कागद पुढे केला. त्यावर छापलं होतं: ‘शैलजा टिपणीस, सेवाकाल १९९४ ते २०२८. संग्रहातील एकाही ग्रंथावर स्पर्श आढळला नाही.’

मी ती ओळ बघत राहिले. चौतीस वर्षं, आणि एकाही ग्रंथावर नाही.

“आणि दुसरीकडे,” अन्विता पुढे म्हणाली, “अज्ञात व्यक्ती क्रमांक सात. अकरा हजार ग्रंथांवर आहे. चौऱ्याण्णवच्या सुमारास सुरू होते, अठ्ठावीसच्या सुमारास थांबते. ते तुम्हीच ना, मॅडम. दुसरं कोण असणार?”

तिने कप खाली ठेवला.

“कूपवर्णन सापडली. चारशे सतरा नंबरमध्ये, धोतरात गुंडाळलेली. कसर लागलीय. तिसरा हिस्सा गेला, शंभर विहिरींच्या चित्रांची तर पार चाळण झालीय.”

गेल्या वर्षी येरळा नदीच्या काठच्या सात गावांचे लोक ग्रंथालयात आले होते, जुन्या विहिरी कुठे बुजवल्या ते शोधायला. तशी एक पोथी होती, पण चोरीला गेली, असं त्यांना कुणीतरी सांगितलं होतं. मला हे ठाऊक होतं. ते मग माजी ग्रंथपाल म्हणून माझ्या घरीही आले, तेव्हा मी त्यांना लिंबू सरबत पाजून परत पाठवलं होतं.

“तिच्यावर कुणाचे हात आहेत?” मी विचारलं.

“जिनगरांचे. त्यांचा नमुना मागायलाही गेलो नाही, त्यांनी बांधलेल्या पुस्तकांच्या खळीतच मिळाला. आणि क्रमांक सातचे. एकाच सुमाराचे, दोन हजार सालचे.” ती थांबली. “पण मॅडम, इतक्या जुन्या स्पर्शात दोन वर्षं इकडेतिकडे होऊ शकतात. महाजनी सर म्हणतात, मग अठ्ठ्याण्णव धरा. चोरीच्या आधी क्रमांक सातने पोथी नेहमीसारखी हाताळली आणि जिनगरांनी नंतर नेऊ म्हणून दुसऱ्या बासनात लपवली. अहवालात तसंच जाणार आहे. पंधरा तारखेच्या समारंभात पोथी उघडतील आणि दालनाला तुमचं नाव देतील. सर म्हणाले, टिपणीस मॅडमचा नमुना पुन्हा घ्यायची गरज नाही. त्यांची इच्छा असली तरच.”

‘इच्छा असली तरच’ हे शब्द तिने माझ्याकडे न बघता उच्चारले. तिला कळलेलं होतं की नाही, हे मला आजही सांगता येणार नाही. यंत्राला दोन वर्षांची सूट होती, आणि त्या दोन वर्षांत कुठे उभं राहायचं ते मीच ठरवायचं होतं. गप्प राहिले तर माझ्या नावाचं दालन होणार होतं आणि दत्तोबा दुसऱ्यांदा चोर ठरणार होते, या खेपेला शास्त्राच्या शिक्क्यानिशी.

ती गेल्यावर माझ्या मनात आधी काय आलं तेही सांगते. दत्तोबा सत्त्याहत्तर वर्षांचे असतील, कदाचित नसतीलही, असं आलं. ते नसावेत असं वाटणारी बाई मी होते.

ते होते. जिनगर गल्लीत, त्याच घरात. पुढच्या खोलीत पुस्तकं दाबायचा लोखंडी प्रेस, दोऱ्याची रिळं, स्टोव्हवर खळीचं पातेलं. दत्तोबा शाळेचे हजेरीपट शिवत होते. चष्म्यावरून माझ्याकडे बघून म्हणाले, “या, टिपणीस बाई. बसा की.”

सून पाणी ठेवून आत गेली. मी म्हणाले, “दत्तोबा, कूपवर्णन सापडली.”

“आलंय पेपरात. कुठल्या नंबरात घावली?”

“चारशे सतरा.”

त्यांनी सुई खाली ठेवली. “त्या दिवशी तुमच्या मांडीवर व्हतं तेच का?”

“तेच.”

“म्हंजी मी तुमच्याच हातात दिली व्हती.”

“माझ्याच हातात.”

“मी म्हनलं सही करताय न्हवं, आन् तुम्ही म्हनला मग करते.”

“हो, दत्तोबा. तसंच झालं.”

त्यांनी चष्मा काढला. मग माझ्याशी नाही, स्वतःशीच बोलल्यासारखं सांगू लागले. “काढलं तवा मला वाटलं, जाऊ दे, जानेवारीत उन्हाला सोडतील तवा निघंलच की. त्या जानेवारीत पंधरा दिस मी कामाला गेलो न्हाई. निरोप यायचा आन् आपण घरात नसायचं, असं नको. हितं उंबऱ्यावर बसून ऱ्हायलो. पोरगी म्हनायची, बाबा, तुमाला बी ऊन दाखवायचंय का? पंधरा दिस झालं, कुनी आलं न्हाई. मग मलाच वाटाया लागलं, दिली का आपण? का कुठं इसरलो? मठाच्या पोथ्या यायच्या त्या बंद झाल्या, त्याचं न्हाई काय. पर रोज हातात पुस्तक घ्यायचं आन् वाटायचं, ह्या हातांवर भरवसा न्हाई. चाळीस वर्सं झाली, बाई. मी कामातली समदी पानं दोनदोनदा मोजतो.”

मला तिथेच उठून पळावंसं वाटलं. पण अजून खरं ते सांगायचं राहिलं होतं.

“दत्तोबा, त्या जानेवारीत मला सापडली होती. तुम्ही उंबऱ्यावर बसला होता तेव्हाच. मी बघितली आणि परत बांधून ठेवली.”

स्टोव्हवरची खळ करपायला लागली तरी दोघंही हललो नाही. शेवटी सून आतून धावत आली आणि तिने पातेलं उतरवलं.

“जावा आता,” दत्तोबा म्हणाले.

मी उठले. माफी मागायला तोंड उघडलं, तर त्यांनी हातानेच थांबवलं. मी दारापर्यंत पोचले तेव्हा ते म्हणाले, “थांबा.” त्यांनी फळीवरून एक पुस्तक काढलं. माझंच, ग्रंथालयाचा इतिहास. मूळची कागदी बांधणी काढून त्यांनी त्याला निळं कापड चढवलं होतं, पाठीवर सोनेरी अक्षरं. माझ्याकडे असलेल्या प्रतीपेक्षा कितीतरी देखणं. त्यांनी ते प्रेसवर ठेवलं आणि हात काढून घेतला. पुस्तक आपणहून दोनशे चौदाव्या पानावर उघडलं. त्या पानाची खालची कड काळपट आणि मऊ झाली होती. ते पान किती वेळा उघडलं गेलं होतं, ते सांगायला यंत्राची गरज नव्हती.

“हे तुम्ही लिवलंय न्हवं?”

“हो.”

“मग तुम्हीच दुरुस्त करा. माफी मला नको. माफी कुनाला दाखवायची?”

तिथून मी तडक ग्रंथालयाच्या तळमजल्यावर गेले. अन्विताला म्हणाले, “पट्ट्या आहेत का? आधीचे हात माझे नव्हते.” तिने पट्ट्या काढल्या. मी हात दाबून धरले आणि ते मिनिट संपेपर्यंत तिला सगळं सांगितलं. लेखी जबानीही दिली. महाजनींनी मला खोलीत बोलावून घेतलं आणि दार लावलं. “मॅडम, चाळीस वर्षांपूर्वीची गोष्ट. पत्रिका छापून झाल्यात. कशाला उकरताय?” एरवी हे बोलणं मला फार समजूतदार वाटलं असतं.

घरी येऊन सुनंदाबाईंना सांगितलं. त्या पोळी लाटत होत्या, लाटणं थांबलं. “म्हणजे माझे हात तुमच्या नावाने दिले? आणि मी घरी पोरांना सांगून बसले, लायब्रीत माझे हात ठेवलेत म्हणून.” त्यांनी उरलेल्या पोळ्या केल्या, पण त्या दिवशी ‘येते ताई’ म्हणाल्या नाहीत.

समारंभ झाला. दालनाला नाव दिलं नाही. अहवाल बदलला, वर्तमानपत्रात माझा फोटो आला, त्याच शालीतला. ओळखीचे लोक रस्त्यात भेटले की घाईत असायचे. दत्तोबांना विद्यापीठाचं पत्र गेलं, ते त्यांनी सुनेकडून वाचून घेतलं आणि हजेरीपटाच्या पुठ्ठ्यात घातलं, असं पुढे कळलं.

माझं काम राहिलं होतं. पुस्तकात चूक निघाली की शुद्धिपत्र छापतात आणि त्या पानाला चिकटवतात. पाचशे प्रतींपैकी चारशे तीस कुठे आहेत ते मी शोधून काढलं. त्या कामात मी हुशार आहे. चिठ्ठी छापायच्या आधी मजकूर दाखवायला दत्तोबांकडे गेले. त्यांच्या सुनेने मोठ्याने वाचला: ‘ही पोथी दत्तोबा जिनगर यांनी लेखिकेकडे परत दिली होती. नजरचुकीने ती बासन क्र. ४१७ मध्ये बांधली गेल्याने मिळू शकली नाही.’

“आन् मग?” दत्तोबा म्हणाले.

“मग काय?”

“जानेवारीचं कुठं हाय?”

मी ते मुद्दाम गाळलं नव्हतं, अशी मी स्वतःची समजूत घालत होते आणि ते घालता घालताच मला कळत होतं की मुद्दामच गाळलं होतं. मी पेन काढलं आणि त्यांच्यासमोर लिहिलं, ‘वर्षभराने ती लेखिकेला सापडली. लेखिकेने ती जाणूनबुजून पुन्हा लपवली, आणि वरील खोटे वाक्य स्वतःच्या हाताने लिहिले.’ सुनेने वाचून दाखवलं. दत्तोबांनी मान हलवली.

छापून आलेल्या चिठ्ठ्या घेऊन मी परत गेले. त्यांनी निळं पुस्तक पुढे ठेवलं, ते त्याच पानावर उघडलं. खळ पातेल्यात तयार होती. ब्रश त्यांनी माझ्याकडे सरकवला. मी पहिल्या चिठ्ठीच्या मागे खळ लावली, ती त्या वाक्यावर ठेवली आणि उघड्या तळव्याने दाबून धरली. कुणी पुढेमागे यंत्र लावलंच, तर इथे मी सापडेन.

दत्तोबांनी चिठ्ठीच्या कोपऱ्याखाली नख घातलं. कोपरा अलगद वर आला. त्यांनी सगळी चिठ्ठी सोलून काढली आणि बाजूला टाकली.

“कडंला खळ न्हाई, बाई. दोन पावसात सुटंल,” ते म्हणाले. “दुसरी घ्या. आन् बसून करा, घाईनं नको.”

मी सतरंजीवर बसले आणि दुसरी चिठ्ठी घेतली.